वाटपाचा दावा मध्यस्थीकडे गेलाय: बैठकीआधी काय जमवायचं, तडजोडनाम्यात काय लिहायचं

पुरसीस
वाटपाचा, भागीदारी मोडण्याचा किंवा भावाभावांतल्या हिशेबाचा दावा असला की कैफियत (प्रतिवादीचं लेखी उत्तर) आल्यावर कोर्ट बऱ्याचदा दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८९ खाली प्रकरण मध्यस्थीकडे पाठवतं. "घरातलं घरात मिटवा" हा उपदेश सगळ्यांनी ऐकलेला आहे, तो इथे नको. मिटलेली प्रकरणं पुन्हा उघडतात ती बहुतेक वेळा कागदामुळे. सगळ्यांच्या सह्या झालेल्या असतात, पेढे वाटलेले असतात आणि मग तलाठी, दुय्यम निबंधक किंवा बँक, कुणीतरी एक जण कागद परत पाठवतो. म्हणून धागा त्या कागदावर चालवू.

सुरुवात मी करतो.

मध्यस्थीकडे पाठवायला सगळ्यांची संमती लागत नाही. सर्वोच्च न्यायालयाने २०१० च्या अॅफकॉन्स निकालात हे स्पष्ट केलं: लवादाकडे पाठवायचं तर दोन्ही बाजूंची संमती हवी, मध्यस्थीला ती अट नाही. वाटपाचे आणि भागीदारांमधले वाद मध्यस्थीला योग्य, असंही त्याच निकालात आहे. म्हणजे बैठकीला जावं लागतं, पण तडजोड करायलाच हवी असं नाही. हा फरक पक्षकाराला पहिल्याच दिवशी नीट सांगावा, नाहीतर तो घाबरून नुसता गप्प बसतो.

केंद्र जिल्हा न्यायालयाच्या आवारातच असतं आणि जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाच्या अखत्यारीत चालतं. दाखल दाव्यातून गेलेल्या प्रकरणात पक्षकाराला मध्यस्थाची फी पडत नाही. मध्यस्थ म्हणजे ४० तासांचं प्रशिक्षण घेतलेला वकील किंवा न्यायिक अधिकारी. नियमांप्रमाणे मुदत ६० दिवस, कोर्टाने वाढवली तर आणखी ३०. आधी एकत्र बैठक होते, मग एकेका बाजूशी स्वतंत्र. स्वतंत्र बैठकीत सांगितलेली गोष्ट तुमच्या परवानगीशिवाय पलीकडे जात नाही. तडजोड झाली नाही तर अहवालात तेवढंच एक वाक्य जातं. कोण अडून बसलं, कुणी किती आकडा बोलला, यातलं काहीही कोर्टाला कळवायचं नसतं (मोती राम विरुद्ध अशोक कुमार, २०११).

सोबत काय न्यायचं: वंशावळ (मयत व्यक्तींच्या तारखांसह), सगळ्या गटांचे ताजे ७/१२ आणि ८अ, फेरफारांच्या नकला, शहरातल्या मिळकतीची मिळकत पत्रिका, फ्लॅट असेल तर भाग दाखला आणि सोसायटीकडचं नामनिर्देशन, कर्जाची थकबाकी दाखवणारं बँकेचं पत्र आणि चालू वर्षाचं रेडीरेकनर मूल्य. नामनिर्देशन म्हणजे मालकी नव्हे, हे बैठकीत निम्म्या लोकांना नव्याने सांगावं लागतं.

माळरान
सगळं बरोबर, पण समोरच्याला वेळच काढायचा असेल तर? तीन महिने बैठका आणि तेवढ्यात प्लॉट विकून मोकळा.

पुरसीस
म्हणूनच मध्यस्थीच्या आदेशाआधी तूर्तातूर्त मनाईचा अर्ज निकाली काढून घ्यायचा, निदान "जैसे थे" तरी. प्रकरण मध्यस्थीकडे गेल्यावर आधीचा मनाई हुकूम आपोआप संपत नाही, पण नसलेला हुकूम तिथे मिळतही नाही. मध्यस्थाला तो अधिकारच नाही.

दुसरी गोष्ट आपल्याकडची, महाराष्ट्रातली. मालमत्ता हस्तांतरण कायद्याच्या कलम ५२ ला जुन्या मुंबई राज्याची दुरुस्ती आहे. तिच्यामुळे दावा चालू असताना झालेली विक्री निकालाला बांधील राहावी असं वाटत असेल तर दुय्यम निबंधकाकडे लिस पेंडन्सची (म्हणजे दावा चालू असल्याची) नोटीस नोंदवावी लागते. नुसता दावा दाखल असून भागत नाही. ही नोटीस नसेल तर घेणारा "मला कल्पना नव्हती" म्हणून उभा राहतो. आणि तडजोड झाली की ती नोंद काढून टाकायची जबाबदारी कुणाची, तेही लिहायचं. ते राहून गेलं की पुढच्या विक्रीच्या शोध अहवालात नोंद वर येते आणि घेणाऱ्याची बँक कर्ज अडवते.

बांधकोरा
जमिनीचं मी सांगतो, कारण सगळ्यात ढिसाळ मजकूर तिथेच असतो. "गट क्र. अमुक मधील पूर्वेकडील निम्मा भाग वादीस" असं लिहिलेले हुकूमनामे (कोर्टाच्या डिक्री) ढिगाने सापडतील. पूर्वेकडचा निम्मा म्हणजे बांधापासून की रस्त्याच्या मध्यापासून? पोटखराबा (लागवडीला न येणारा भाग) धरून की वगळून? मोजणीदार जागेवर जातो तेव्हा दोघेही आपापल्या सोयीचं दाखवतात.

शेतसारा आकारलेल्या जमिनीचं वाटप कोर्ट स्वतः करत नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ५४ प्रमाणे हुकूमनामा जिल्हाधिकाऱ्यांकडे जातो, तिथून तहसीलदार, मग भूमी अभिलेखकडे मोजणी, वाटप तक्ता, हरकती आणि शेवटी ताबा. या साखळीत वर्षं जातात. त्यापेक्षा मध्यस्थी चालू असतानाच कोर्टाकडून मोजणीसाठी आयुक्त नेमून घ्यावा किंवा सगळ्यांच्या संमतीने पोटहिस्सा मोजणी मागवावी, आणि त्या नकाशावर सगळ्यांच्या सह्या घेऊन तो तडजोडनाम्याला जोडावा. हिस्सा हेक्टर-आरमध्ये, चतुःसीमा, आकार, पोटखराबा स्वतंत्र. वाटप सरस-निरस मानाने करायचं म्हणजे क्षेत्र सारखं येईलच असं नाही. काळी पावणेदोन एकर आणि मुरमाड तीन एकर समान धरायचे असतील तर तसं शब्दांत लिहा. नाहीतर दहा वर्षांनी कुणाचा तरी मुलगा क्षेत्र मोजून "आमचं कमी आलं" म्हणून अर्ज करतो.

तुकडेबंदी विसरू नका. १९४७ च्या कायद्यात विक्रीइतकंच वाटपालाही बंधन आहे. बहुतेक जिल्ह्यांत प्रमाणभूत क्षेत्र (याहून लहान तुकडा चालत नाही) जिरायतीला २० गुंठे आणि बागायतीला १० गुंठे. चार भावंडांत ३२ गुंठे जिरायत वाटली तर प्रत्येकाला ८ गुंठे येतात आणि नोंद अडकते. तिथे एकानेच जमीन घ्यायची आणि बाकीच्यांना पैशात मोबदला द्यायचा, हाच मार्ग.

विहिरीबद्दल "सामाईक राहील" एवढ्यावर थांबू नका. पाण्याची पाळी क्षेत्राच्या प्रमाणात ठरवा (८ दिवसांच्या फेऱ्यात कुणाचे किती दिवस), वीजजोडणी कुणाच्या नावे, बिल कसं विभागायचं, गाळ काढायचा खर्च, पाइप कुणाच्या हद्दीतून जाईल. वाट असेल तर रुंदी फुटात आणि बैलगाडी की ट्रॅक्टर. पाण्याचा आणि वाटेचा हक्क ७/१२ च्या "इतर हक्क" सदरात नोंदवायला सगळ्यांची संमती आहे, असं कलम हवंच. कोकणात कलमं-काजूची झाडं जमिनीपासून वेगळी वाटतात. तिथे झाड मेल्यावर ती जागा कुणाची, हे लिहून ठेवलं नाही तर पुढच्या पिढीला नवा दावा तयार.

गंधाली
बांधकोरा, एक भर. १९५९-६० च्या आसपासची "तोंडी वाटणी झाली होती" असा मुद्दा आला तर? आणि बहिणींचं काय? बऱ्याच जुन्या फेरफारांत त्यांची नावं "इतर हक्कात" टाकलेली असतात.

पुरसीस
बहिणींचा हक्क जन्माने. हिंदू वारसा कायद्याची ९ सप्टेंबर २००५ ची दुरुस्ती आणि ११ ऑगस्ट २०२० चा विनीता शर्मा निकाल यांनी तो वाद संपला. त्या तारखेला वडील हयात असण्याचीही गरज नाही. वाचतात ती २० डिसेंबर २००४ आधी नोंदणीकृत दस्ताने किंवा कोर्टाच्या हुकमाने झालेली वाटपं. तोंडी वाटणीचा बचाव सहसा मान्य होत नाही, अपवादाला सरकारी कागदाचा भक्कम पुरावा लागतो. तडजोडीच्या टेबलावर याचा उपयोग असा, की "बहिणींना साडीचोळी देऊ" या वाक्याला आकड्यात बदलता येतं.

मोठी अडचण वेगळी आहे. दाव्यात सगळे वारस पक्षकार आहेत का? मयत भावाची विधवा, मयत बहिणीची मुलं, पहिल्या लग्नाची मुलगी. एक जरी बाहेर राहिला तरी तडजोड त्याच्यावर बंधनकारक नाही. पहिल्या बैठकीतच वंशावळ सगळ्यांकडून सही करून घ्यावी आणि राहिलेल्यांना अर्ज देऊन सामील करावं.

अज्ञान (१८ वर्षांखालचा) वारस असेल तर दिवाणी प्रक्रिया संहितेचा आदेश ३२ नियम ७. पालकाने तडजोडीसाठी कोर्टाची स्वतंत्र परवानगी घ्यायची, आणि वकिलाने ती अज्ञानाच्या हिताची असल्याचं प्रमाणपत्र द्यायचं. परवानगीचा उल्लेख रोजनाम्यात (कोर्टाच्या रोजच्या नोंदीत) आणि हुकूमनाम्यात दिसला पाहिजे. नाहीतर अज्ञान व्यक्ती पुढे ती तडजोड मोडून मागू शकते.

खतावणी
धंद्याच्या वाटणीत जमिनीसारखा नकाशा नसतो, त्यामुळे आधी तारीख गोठवायची. "मूल्यांकनाची तारीख ३१ मार्च" की "भागीदार बाहेर पडला तो दिवस" हे पहिल्या बैठकीत ठरलं नाही, तर साठा, येणी आणि देणी दर महिन्याला बदलत राहतात आणि आकडा कधीच बसत नाही.

मग क्रम असा: त्या तारखेचा साठा प्रत्यक्ष मोजून (दोन्ही बाजूंचा माणूस हजर, यादीच्या प्रत्येक पानावर सही), येणी वयानुसार, देणी, बँकेचं कॅश क्रेडिट, भांडवल खाती, उचल आणि शेवटी नावलौकिक (गुडविल). येणी सरसकट पूर्ण धरू नका. सहा महिन्यांपर्यंतची पूर्ण, त्यावरची कमी टक्क्यांनी, तीन वर्षांवरची शून्य असा काहीतरी तक्ता ठरवा. तीन वर्षांनंतर बहुतेक येण्यांची मुदतच संपलेली असते. किंवा सरळ "वसूल होईल तसं निम्मं-निम्मं" ठेवा, पण मग वसुलीचा हिशेब कुणी, किती दिवसांनी द्यायचा ते लिहा.

बाहेर पडणाऱ्याच्या हातात एक पत्ता आहे, तो बऱ्याच जणांना माहीत नसतो. हिशेब न करता उरलेले भागीदार धंदा चालवत राहिले तर भागीदारी कायद्याच्या कलम ३७ खाली त्याला त्या काळातला नफ्याचा वाटा किंवा आपल्या रकमेवर वार्षिक ६ टक्के व्याज, यांपैकी एक निवडता येतं (करारात वेगळं ठरलं नसेल तर). चालवणाऱ्याला हे कळलं की लांबवण्यातली गोडी कमी होते.

आता चुका.

बँक. तडजोडनाम्यात "प्रतिवादी क्र. १ सर्व कर्जास जबाबदार राहील" लिहिलं म्हणून बाहेर पडणाऱ्याची वैयक्तिक हमी सुटत नाही. बँक तडजोडीत पक्षकार नाही. हमीतून मुक्त केल्याचं बँकेचं लेखी पत्र ही पैशाच्या शेवटच्या हप्त्याआधीची अट ठेवा, नाहीतर दुकान एकाकडे आणि वसुलीची नोटीस दुसऱ्याकडे.

निवृत्तीची जाहीर सूचना. ती दिली नाही तर बाहेर गेलेला भागीदार नंतरच्या देण्यांनाही तिऱ्हाइतापुढे जबाबदार राहू शकतो. नोंदणीकृत पेढी असेल तर पेढी निबंधकाला सूचना, राजपत्रात आणि स्थानिक भाषेतल्या वर्तमानपत्रात प्रसिद्धी. जीएसटी नोंदणीत भागीदार बदलल्याची दुरुस्ती १५ दिवसांत.

नाव आणि ओळख. व्यापारचिन्ह, दुकानाची पाटी, ग्राहकांकडे असलेला मोबाइल नंबर, व्हॉट्सअॅपचं खातं, नकाशावरची नोंद, वेबसाइटचं नाव. दोन भाऊ त्याच रस्त्यावर "मूळ" आणि "जुने" अशा पाट्या लावून बसतात ते याच कलमाच्या अभावी. एकाने नाव घेतलं तर दुसऱ्याने कोणतं वापरायचं नाही, किती अंतरात, किती वर्षं, हे ठरवा.

एकत्र कुटुंबाचा धंदा असेल तर सनदी लेखापालाला बोलावल्याशिवाय सही नको. ३१ डिसेंबर १९७८ नंतरची अंशतः वाटणी आयकर खातं मानत नाही. "दुकान वाटलं, घर नंतर बघू" हे घरात चालतं, खात्यात नाही.

माळरान
पेढी नोंदणीकृत नसेल तर दावाच चालत नाही ना? मग मध्यस्थी कुठली?

खतावणी
कलम ६९ चा हा अर्धाच भाग ऐकलेला असतो. नोंदणी नसली तरी पेढी विसर्जित करण्याचा आणि विसर्जित पेढीच्या हिशेबाचा दावा करता येतो.

अनुष्टुभ
भागीदारीचा वाद ३ लाखांवरचा असेल तर तो व्यावसायिक वाद ठरतो आणि व्यावसायिक न्यायालय कायद्याचं कलम १२अ लागतं. दावा दाखल करण्याआधीच मध्यस्थी. पाटील ऑटोमेशन निकालाने (ऑगस्ट २०२२) ही अट सक्तीची ठरली. टाळून दाखल केलेला दावा फेटाळला जातो. अर्ज जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे, शुल्क १,००० रुपये, मुदत ३ महिने, संमतीने आणखी २. मध्यस्थाची फी मात्र इथे दोन्ही बाजूंनी निम्मी-निम्मी भरायची असते. हा काळ मुदतीत मोजत नाहीत. समोरचा आलाच नाही तर तसा अहवाल मिळतो, तो दाव्याला जोडायचा. खरोखर तातडीचा अंतरिम आदेश हवा असेल तर सूट आहे, पण नावापुरता मनाईचा अर्ज जोडून ती मिळत नाही. इथली तडजोड लवादाच्या निवाड्यासारखी अमलात येते, हा कलम ८९ च्या मार्गापेक्षा फरक.

माळरान
एक सांगा, तडजोड कोर्टातून होते म्हणजे स्टँप नाही, नोंदणी नाही, बरोबर? आमच्याकडे सगळे वकील हेच सांगतात.

पुरसीस
अर्धं बरोबर. नोंदणीपुरतं बघू. नोंदणी कायद्याच्या कलम १७(२)(६) ची सूट दाव्यातल्या मिळकतीपुरती. दाव्याच्या परिशिष्टात नसलेला पुण्यातला फ्लॅट तडजोडीत आणला तर तेवढ्या भागाला नोंदणी लागते. उपाय सोपा: तडजोडीआधी दावा दुरुस्त करून फ्लॅट परिशिष्टात घ्यायचा. मुळात कोणताच हक्क नसलेल्या माणसाला तडजोडीतून मिळकत द्यायची असेल तर मात्र नोंदणी सुटत नाही.

मुद्रांकाचं वेगळं. महाराष्ट्र मुद्रांक अधिनियमात वाटपाच्या दस्ताच्या व्याख्येतच दिवाणी कोर्टाचा वाटपाचा अंतिम आदेश येतो. शेतजमिनीच्या वाटपाला १०० रुपये. बाकी मिळकतीला वेगळ्या झालेल्या हिश्श्यांच्या बाजारमूल्यावर २ टक्के, त्यात सगळ्यात मोठा हिस्सा धरत नाहीत. उदाहरण: तीन भावंडं, प्रत्येकी ६० लाखांचा एकेक फ्लॅट. एक हिस्सा वगळायचा, उरलेले १ कोटी २० लाख, त्यावर २,४०,००० रुपये. हे कुणी भरायचे ते तडजोडनाम्यात हवं. कुणीच भरलं नाही तर हुकूमनामा स्टँपवर उतरत नाही आणि तोवर दरखास्त (हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीचा अर्ज) चालत नाही.

आणि त्यात एक खड्डा. दरखास्तीची १२ वर्षं हुकूमनाम्याच्या तारखेपासून मोजतात, स्टँप पुरवल्याच्या तारखेपासून नाही (चिरंजी लाल विरुद्ध हरी दास, २००५). "स्टँप भरू सावकाश" म्हणणाऱ्यांचा हक्क असाच जातो.

गंधाली
हक्कसोडपत्राने स्वस्तात पडेल का? बहिणीला १५ लाख द्यायचे आणि तिने सोडून द्यायचं.

पुरसीस
मोबदला नसेल आणि जवळच्या नात्यात वडिलोपार्जित मिळकतीचा हिस्सा सोडला जात असेल तरच नाममात्र मुद्रांक. १५ लाख दिल्याचं लिहिलं की खरेदीखताच्या दराने आकारणी. न लिहिता रोख द्यायचे आणि दस्तात "प्रेमापोटी" म्हणायचं, हा सल्ला ऐकू नका. पैसे मिळाल्याचा पुरावा तिच्याकडे राहत नाही आणि दिल्याचा भावाकडे. त्यापेक्षा वाटपाच्याच हुकूमनाम्यात हिस्सा सारखा करण्यासाठी द्यायची रक्कम म्हणून लिहा.

कोर्ट फीसाठी आपला १९५९ चा स्वतंत्र कायदा आहे. परताव्याचा आदेश हुकूमनाम्यातच मागून घ्या, नंतर वेगळ्या अर्जाच्या मागे फिरायला लागू नये.

रेवती_न्यूजर्सी
वारसांपैकी एक जण परदेशात असेल तर प्रत्येक बैठकीला येणं शक्य नसतं.

अनुष्टुभ
बैठक दूरदृश्य पद्धतीने करता येते, मध्यस्थाला आधी कळवा. सहीसाठी कुलमुखत्यारपत्र: भारतीय वकिलातीत साक्षांकित किंवा तिथे अपोस्टिल (तिथल्या सरकारचं प्रमाणन) केलेलं, आणि भारतात आल्यापासून तीन महिन्यांच्या आत मुद्रांकित. मजकुरात "दावा चालवणे" एवढंच नको. "अमुक दाव्यात तडजोड करणे, त्यावर सही करणे, रक्कम स्वीकारणे" असं स्पष्ट लिहा. वाद असलेल्या भावालाच मुखत्यार नेमू नका (असं करतात लोक!).

मांडवीकाठ
गोव्यातल्या वाचकांसाठी थोडं. इथे वारसांमधलं वाटप बहुतेक इन्व्हेंटरीच्या (मयताच्या मिळकतीची यादी करून वाटणी करण्याच्या) कामात होतं, त्याला २०१२ चा स्वतंत्र कायदा आहे. वारसाच्या जोडीदाराचाही मिळकतीत निम्मा हक्क असू शकतो, म्हणून जावई आणि सुना यांच्या सह्यांशिवाय तडजोड टिकत नाही. महाराष्ट्रातला नमुना उचलून इथे वापरला की नेमकं तेच राहतं.

पुरसीस
शेवटी कलमं कशी लिहायची ते. वाईट नमुना: "प्रतिवादी क्र. २ हा वादीस ठरलेली रक्कम लवकरात लवकर देईल व वादी सहकार्य करील." यावर दरखास्त दाखल केली तर न्यायाधीश विचारतील, कोणती रक्कम आणि कधी?

चालणारा नमुना: "प्रतिवादी क्र. २ ने वादीस रु. १८,००,०००/- तीन समान हप्त्यांत, प्रत्येक हप्त्याची तारीख खाली दिल्याप्रमाणे, वादीच्या बँक खात्यात जमा करावेत. कोणताही हप्ता १५ दिवसांहून अधिक थकल्यास उरलेली संपूर्ण रक्कम थकल्या तारखेपासून द. सा. द. शे. ९ व्याजासह एकदम देय होईल व वादीस या हुकूमनाम्याची अंमलबजावणी करून घेता येईल. शेवटचा हप्ता जमा झाल्यापासून ७ दिवसांत वादीने परिशिष्ट 'ब' मधील गाळ्याचा रिकामा ताबा द्यावा व कब्जेपावती करावी." व्याजदर तुमचा तुम्ही ठरवा. रक्कम, तारीख, चुकल्यास काय आणि कशाच्या आधी काय, एवढ्या चार गोष्टी प्रत्येक कलमात दिसल्या पाहिजेत.

सह्या सगळ्या पक्षकारांच्या स्वतःच्या घ्या, वकिलांच्या जोडीला. कोर्टाने प्रत्येकाला मजकूर समजला का विचारल्याची नोंद रोजनाम्यात हवी. तडजोडीच्या हुकूमनाम्यावर अपील नाही (कलम ९६(३)), वेगळा दावाही नाही (आदेश २३ नियम ३अ). फसवणूक झाली म्हणायचं तर त्याच कोर्टात अर्ज. ही नोंद असली की तो अर्ज टिकणं अवघड.

बाकीची भांडणंही एकेक नाव घालून लिहा: प्रांताकडचं फेरफार अपील, तहसीलदाराकडचा रस्त्याचा अर्ज, पोलिसांतली तक्रार. फौजदारी प्रकरण आपसांत मिटवण्याजोगं नसेल तर ते नुसत्या "मागे घेऊ" ने संपत नाही, उच्च न्यायालयातून रद्द करून घ्यावं लागतं. म्हणून तिथे "रद्द करण्यास संमतीचं प्रतिज्ञापत्र अमुक तारखेपर्यंत देईल" असं लिहायचं.

माळरान
२०२३ च्या मध्यस्थी कायद्याने हे सगळं बदललं ना?

अनुष्टुभ
कायदा सप्टेंबर २०२३ चा आहे, पण ९ ऑक्टोबर २०२३ च्या अधिसूचनेने त्यातली मोजकीच कलमं लागू झाली. मध्यस्थीतला समझोता थेट हुकूमनाम्यासारखा अमलात आणण्याचं कलम २७ त्या यादीत नव्हतं. त्यामुळे चालू दाव्यात केंद्रात सही झाली की घरी जाऊ नका. समझोता कोर्टापुढे ठेवून आदेश २३ नियम ३ खाली हुकूमनामा काढून घ्या आणि त्याच दिवशी प्रमाणित नकलांचे अर्ज टाका: एक तलाठ्याला, एक भूमी अभिलेखला, एक दुय्यम निबंधकाला, एक बँकेला आणि प्रत्येक पक्षकाराला एकेक.

बांधकोरा
फेरफाराला नुसता हुकूमनामा देऊ नका, सोबत सह्यांचा नकाशा जोडा. नकाशा नसला की मंडळ अधिकारी "क्षेत्राचा बोध होत नाही" असा शेरा मारून नोंद रद्द करतात.